जादूच्या लिपींची जुनी पोथी : इयत्ता चौथीसाठी एक भाषा-उपक्रम



कल्पनालेखन म्हटलं की आपण 'मी पक्षी झालो तर' हा विषय देतो आणि मुलंही ठरलेली दहा वाक्यं लिहून मोकळी होतात. यंदा मी विषय बदलला. वर्गात सांगितलं, "समजा, एक खूप जुनी पोथी आहे. तिच्यात वेगवेगळ्या जगांतल्या जादूच्या लिपी आहेत. मुंग्यांच्या जगाची, ढगांच्या जगाची, पाण्याखालच्या जगाची. अशी पोथी कुठंच नाही, म्हणून ती आपणच लिहायची."

पण कल्पनेला जमीन लागते. म्हणून आधी मुलांना तीन खऱ्या गोष्टी सांगितल्या.

पहिली गोष्ट आपल्या बारामतीची. कवी मोरोपंत (१७२९–१७९४) पन्हाळ्याला जन्मले, पण त्यांचं बरंचसं आयुष्य बारामतीत, बाबूजी नाईकांच्या आश्रयाला गेलं. त्यांनी १०८ रामायणं रचली असं सांगतात. त्यांतलं एक 'निरोष्ठ रामायण', म्हणजे ओठाला ओठ न लावता म्हणायचं. प, फ, ब, भ, म ही अक्षरं चालायची नाहीत. मी मुलांना म्हटलं, "ओठ न मिटता 'राम' म्हणून दाखवा." सगळा वर्ग तोंडं वेडीवाकडी करून थकला. मग एकाच्या लक्षात आलं, "म्हणजे रामाची गोष्ट सांगायची, पण 'राम' म्हणायचंच नाही?" हो, तसंच! मग रामाची ओठ न लागणारी नावं शोधायला लावली. 'दशरथनंदन' सापडलं तेव्हा टाळ्या पडल्या. ओष्ठ्य वर्ण हा व्याकरणाचा भाग पाच मिनिटांत झाला, व्याख्या पाठ न करता.

दुसरी गोष्ट महानुभाव पंथाची. चक्रधरस्वामींच्या आठवणी सांगणारं 'लीळाचरित्र' म्हाइंभटांनी लिहिलं. पुढं या पंथाच्या पोथ्या 'सकळ'सारख्या सांकेतिक लिपींत लिहिल्या जाऊ लागल्या. एका अक्षराच्या जागी दुसरीच खूण. किल्ली पंथातल्या लोकांकडंच होती, त्यामुळं कित्येक शतकं बाहेरच्यांना या पोथ्या बंदच राहिल्या. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाडे यांनी ही लिपी उलगडली आणि मराठीचा जुना ठेवा सगळ्यांसमोर आला.

तिसरी गोष्ट मोडीची. आधी आडवी रेघ मारून घ्यायची आणि हात शक्य तितका न उचलता लिहीत जायचं. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही (हे ऐकून मुलं फारच खूश झाली!). विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत आपले व्यवहार मोडीत चालायचे. आज घरातल्या जुन्या पेटीत मोडी कागद निघाला तर कुणी तो देवघरात ठेवतं, कुणाला तो गुप्तधनाचा नकाशा वाटतो. जाणकाराकडून वाचून घेतला की बऱ्याचदा जमिनीचा नाहीतर कर्जाचा कागद निघतो. २०२३ मध्ये कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला तेव्हा मोडी वाचणाऱ्यांची किंमत सगळ्यांनाच कळली.

उपक्रमाची कृती

१. चार-चार मुलांचे गट करावेत. प्रत्येक गटानं एक जग निवडावं.
२. त्या जगातले लोक कशावर, कशानं लिहितात ते ठरवावं.
३. दहा अक्षरांसाठी दहा खुणा तयार कराव्यात. एका अक्षराला एकच खूण, हा नियम मोडायचा नाही.
४. वेगळ्या कागदावर किल्ली लिहावी.
५. त्या लिपीत एक निरोप लिहून दुसऱ्या गटाला द्यावा. आधी किल्लीशिवाय वाचायला सांगावं, मग किल्ली द्यावी.

सगळी पानं दोऱ्यानं शिवली की वर्गाची पोथी तयार.

वर्गात काय घडलं

आमची शाळा बारामती-इंदापूर पट्ट्यात, कारखान्यांच्या परिसरात आहे. दिवाळीनंतर बीडकडच्या ऊसतोड कुटुंबांची मुलं वर्गात येतात आणि पट्टा पडला की निघून जातात. त्यांतलीच एक मुलगी. जोडाक्षरांवर अडायची, म्हणून 'वाचन कच्चं' अशी नोंद करून मी तिला जवळजवळ सोडूनच दिलं होतं. ही चूक माझी.

या उपक्रमात मात्र सगळेच पहिलीत होते. तिनं 'उसाचं जग' निवडलं. तिथली अक्षरं म्हणजे उसाची पेरं. एक पेर म्हणजे 'क', दोन पेरं म्हणजे 'ल', डोळा काढला की काना. तिचा निरोप कुणालाच वाचता येईना. हुशार म्हणवणारी मुलं किल्ली मागायला तिच्याकडं गेली. वर्गात पहिल्यांदाच कुणीतरी तिला काहीतरी विचारत होतं.

सुट्टीत ती माझ्याजवळ आली. म्हणाली, "सर, मुकादमाच्या वहीची बी किल्ली असती का? आमच्या बाबांना त्यातलं कायबी कळत न्हाई."

मी क्षणभर गप्पच झालो. मग म्हटलं, "असते की. बाराखडी आणि अंक. अर्धी किल्ली तुझ्याकडं आलीये."

त्या दिवसापासून रोज पंधरा मिनिटं आम्ही तेवढंच केलं. बाबांचं नाव, तारीख, उचल, टन, रुपये. फेब्रुवारीत तिनं मला सांगितलं की वहीतलं बाबांचं नाव आणि त्यापुढचा आकडा तिनं त्यांना वाचून दाखवला. जोडाक्षरं अजून अडतात. पट्टा पडल्यावर ती गावी गेली. जाताना पोथीतलं तिचं पान तिनं शाळेतच ठेवलं आणि किल्लीचा कागद सोबत नेला.

आपल्याला रोजची वाटणारी बाराखडी कुणाच्या तरी घरी आजही बंद पोथीच असते. जादू किल्ली देण्यात आहे, आणि ते काम आपलं आहे. पालकांनीही घरी मुलांसोबत एक लिपी तयार करून पाहावी. मात्र निरोप तुम्ही लिहा आणि किल्ली मुलांना बनवू द्या.