ताप आला? कुठून आलात ते आधी सांगा

गडचिरोली जिल्ह्यात भामरागड, एटापल्ली, धानोऱ्याकडे मुक्काम करून नागपुरात परतलात आणि महिनाभरात ताप आला, तर डॉक्टरांना आधी सांगा, ‘गडचिरोलीहून आलोय.’ शहरात पावसाळी ताप म्हटला की डेंग्यू, टायफॉइड आठवतो. हिवताप मागे पडतो. राज्यातले हिवतापाचे रुग्ण मात्र मोठ्या संख्येने गडचिरोलीत सापडत आले आहेत.

तिथे फॅल्सिपेरम जातीचा हिवताप बराच आढळतो. त्यात बाधित तांबड्या पेशी बारीक रक्तवाहिन्यांना चिकटून राहतात. मेंदूचा रक्तपुरवठा अडला की झटके, बेशुद्धी. एक-दोन दिवसांतही प्रकृती ढासळू शकते. थंडी वाजून, दिवसाआड ताप येण्याची वाट पाहू नका. त्याच दिवशी रक्त तपासा. बोटातल्या थेंबभर रक्तावर किटने पंधरा-वीस मिनिटांत निदान होतं. चाचणी निगेटिव्ह आली आणि ताप उतरला नाही, तर पुन्हा करा.

गावात असाल तर आशाताईंकडे जा. पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागडचा रस्ता बंद होतो. तेव्हा आशाताईंकडची गोळीच कामी येते. गावातल्या माणसाचा उपचार किती उपयोगी पडतो, हे इथेच दिसलं आहे. ‘सर्च’ या संस्थेने गडचिरोलीच्या खेड्यांत प्रशिक्षित आरोग्यदूतांकरवी घरीच नवजात बाळांची काळजी घेतली आणि बालमृत्यू घटले. १९९९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात तो अभ्यास छापून आला. तेव्हा गावातल्या उपचाराला कमी लेखू नका.

फॅल्सिपेरमच्या गोळ्या तीन दिवसांच्या असतात. व्हायवॅक्स या दुसऱ्या जातीचे जंतू यकृतात दडून राहतात, म्हणून प्रायमाक्विन चौदा दिवस घ्यावं लागतं. ताप उतरला म्हणून औषध सोडू नका. गर्भवती आणि तान्ह्या बाळांना प्रायमाक्विन देत नाहीत. घरात सिकलसेल असेल तर तेही सांगा. सिकलसेलच्या रुग्णाला हिवताप जास्त जड जातो. उरलेल्या गोळ्या दुसऱ्याला देऊ नका. नुसतं सलाईन लावून हिवताप जात नाही.

तिकडे जाताना औषधी मच्छरदाणी न्या. हिवतापाचे डास रात्री चावतात. शेतात राखणीला झोपलात तरी ती लावा. धुतली तर सावलीत वाळवा.

ताप उतरावा म्हणून घरच्यांना पुजाऱ्याकडे जायचं असेल तर वाद घालू नका. पूजा होऊ द्या, पण रक्त आधी तपासा. गुंगी, झटके, धाप, कावीळ, लघवी कमी किंवा काळी होणं, सतत उलट्या, बाळाने दूध न पिणं, यांपैकी काहीही दिसलं तर १०८ ला फोन करून थेट रुग्णालय गाठा.