घरगुती स्ट्रॉबेरी : हंगाम लांबविण्याचे विज्ञान

महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. त्या थंड डोंगराळ भागात कित्येक महिने फळणारे हे पीक घरच्या कुंडीत मात्र पुष्कळदा काही आठवडेच फळते. यामागील मुख्य कारण म्हणजे दीप्तिकालिता, अर्थात दिवसाच्या लांबीला वनस्पतीने दिलेला प्रतिसाद.

या दृष्टीने स्ट्रॉबेरीचे दोन प्रमुख गट पडतात. कॅमारोसा, स्वीट चार्ली यांसारख्या लघुदिन वाणांत दिवस लहान व हवा थंड असताना कळ्या धरतात. दिवस मोठे व उष्ण होताच रोपाचे अन्न जमिनीलगत पसरणाऱ्या धावत्या खोडांकडे वळते. अल्बियनसारख्या उदासीन वाणांचा फुलोरा दिवसाच्या लांबीवर अवलंबून नसतो. परंतु तापमान सुमारे ३० अंश सेल्सिअसच्या वर गेल्यास त्यांचीही फुलधारणा मंदावते.

म्हणून दोन्ही गटांतील रोपे एकत्र लावणे हिताचे ठरते. लागवड पावसाळा सरल्यावर करावी. माती निचऱ्याची व किंचित आम्लधर्मी (सामू ५.५ ते ६.५) असावी. रोपाचा कोंब मातीत गाडला गेल्यास तो कुजतो. धावती खोडे वेळीच खुडावीत, मुळे थंड राहण्यासाठी गवताचे आच्छादन द्यावे, उन्हाळ्यात दुपारी सावली करावी आणि पिकलेली फळे लगेच तोडावीत. नत्रयुक्त खताचा अतिरेक झाल्यास पानेच माजतात. थोडक्यात, हंगाम लांबतो तो अधिक खताने नव्हे, तर योग्य वाण व तापमानाचे नियमन यांमुळे.