नृत्यस्पर्धेचा निकाल आणि कोर्टाची पायरी

पोलादपूरच्या एका पालकांचा प्रश्न : शासकीय शालेय नृत्यस्पर्धेत मुलीला डावलले गेले. कोर्टात जाता येईल का?

उत्तर : येईल. पण मुलगी सरस नाचली, एवढ्यावर न्यायालय सहसा गुण बदलत नाही. कलेची पारख परीक्षकांवरच सोडली जाते. परीक्षक स्पर्धकाच्या नात्यातला निघाला, नियम मोडला किंवा गुणतक्त्यात खाडाखोड झाली, तर मात्र मुंबई उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करता येते.

केरळात १९५७पासून भरणाऱ्या राज्य शालेय कलोत्सवात असे दावे नेहमीचेच. अपील समितीने नाकारले की पालक थेट न्यायालय गाठतात. २०१८च्या त्रिशूर कलोत्सवात तर बाल हक्क आयोगाच्या नावाचे बनावट अपील आदेश सापडले! मुलांच्या हौसेची एवढी ओढाताण होऊ नये.

म्हणून मुंबईची वाट धरण्याआधी आयोजकांकडे लगेच लेखी हरकत नोंदवावी. मग माहिती अधिकारात १० रुपये शुल्क भरून गुणतक्त्याची प्रत मागावी. उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तर न आल्यास प्रथम अपील करता येते.

प्रत्येक अर्जाच्या स्थळप्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यायला विसरू नका.