घाटाच्या पायथ्याचे सोबती

कर्जतहून निघालेली लोकल खोपोलीस येऊन थांबते. पुढे रूळ नाहीत. परंतु एके काळी मुंबईहून पुण्यास जाणारा प्रत्येक आगगाडीचा उतारू याच गावी उतरत असे, हे आपणांपैकी थोड्यांनाच ठाऊक असेल.

सन १८५३ मध्ये मुंबई ते ठाणे ही पहिली आगगाडी धावली. १८५६ मध्ये लोहमार्ग खोपोलीपर्यंत आला, आणि १८५८ मध्ये घाटमाथ्यावर खंडाळा ते पुणे हा भाग सुरू झाला. मधल्या बोरघाटात बोगदे खोदण्याचे काम चालू होते. रोगराईने व अपघातांनी हजारो मजूर तेथे प्राणास मुकले. १८६३ मध्ये तो मार्ग पुरा होईपर्यंत उतारूंना पालखी, तट्टू किंवा बैलगाडी यांच्या साहाय्याने घाट चढावा लागे.

गाडीत वर्गवार डबे निराळे होते. खाली उतरल्यावर डोंगर मात्र सर्वांपुढे एकच. पालखीत बसणारा श्रीमंत झाला तरी ज्यांचे नावही त्याला ठाऊक नसे, अशा भोयांच्या पावलांवर त्याला आपला जीव सोपवावा लागे. खंडाळ्यास पोचताच दोघांच्या वाटा वेगळ्या होत, बहुधा कायमच्या.

याहून जुनी खूण म्हणजे नाना फडणविसांनी येथे बांधविलेला तलाव व वीरेश्वराचे देऊळ. नाना १८०० मध्ये वारले; अर्धशतकानंतर आगगाडीतून येणारे वाटसरू त्यांच्या स्वप्नीही नसतील. न पाहिलेल्या माणसाची तहान ओळखणे, हे थोर मनाचे लक्षण होय.

परंतु गावात पाणी आहे एवढ्याने ते सर्वांस मिळतेच असे नाही. आपल्याच रायगड जिल्ह्यात, महाडच्या चवदार तळ्याचे पाणी पिण्याच्या हक्कासाठी डॉ. आंबेडकरांना १९२७ मध्ये सत्याग्रह करावा लागला. वाटसरूची तहान पाहण्याआधी त्याची जात विचारणाऱ्या समाजाला तो मोठा धडा होता.

तो धडा आपण शिकलो की नाही, याची परीक्षा रोजच होते. कर्जतच्या फलाटावर खोपोलीच्या गाडीची वाट पाहताना कोणी म्हातारी डोक्यावरचा भारा उतरवावयास हात मागते, कोणी बसावयास थोडी जागा मागतो. ती माणसे पुन्हा भेटणार नाहीत. आभाराची वा परतफेडीची आशा नाही. म्हणूनच तेथे केलेले साहाय्य निखळ असते. ‘तू कोण?’ असे विचारण्याआधी आपला हात पुढे व्हावा.