कारण एकदाच सांगावं

चि. मुक्ता हिस,


गोदामाची भिंत पडल्याचा तुझा इंग्रजी अहवाल सावकाश वाचला. मोजमापं चोख आहेत, फोटोंचा क्रम नीट आहे, नजरही पक्की आहे. मी अडखळलो ते कारणं सांगणाऱ्या वाक्यांपाशी. तुझ्या कामात तर सगळा निकाल कारणावरच लागतो. भिंत पुराच्या पाण्यानं पडली की जुनाट होऊन ढासळली, यावर विम्याचा दावा मंजूर व्हायचा की नाही ते ठरतं. म्हणून आज एवढ्याच विषयावर लिहितो.

तू लिहिलं आहेस: ‘अ‍ॅज द वॉल वॉज ओल्ड, सो इट कोलॅप्स्ड.’ ही चूक मराठी कानाची आहे. आपल्याकडे ‘जर’ आला की ‘तर’ येतो, ‘जेव्हा’मागून ‘तेव्हा’, ‘जरी’मागून ‘तरी’, ‘ज्याअर्थी’मागून ‘त्याअर्थी’. जोडीतला दुसरा शब्द आला नाही तर वाक्य लंगडं वाटतं. इंग्रजीला ही जोडी नको असते. कारणाचं नातं तिथे एकाच टोकाला बांधतात. एक तर ‘अ‍ॅज’ ठेव आणि ‘सो’ काढ, नाहीतर ‘अ‍ॅज’ काढून ‘सो’ ठेव. ‘ऑलदो’ लिहिलंस की त्याच वाक्यात पुढे ‘बट’ लिहायचं नाही, तेही याच न्यायानं. ‘इफ’नंतर ‘देन’ चालतं, म्हणून इतरही जोड्या चालतील असं वाटतं, पण तसं नाही.

दुसरी खोड आपल्या ‘मुळे’ची. आपण ‘पावसामुळे’ म्हणतो आणि ‘पाऊस पडल्यामुळे’ही म्हणतो, एकच शब्दयोगी अव्यय दोन्ही कामं करतं. इंग्रजीत कामं वाटून दिली आहेत. पुढे नुसतं नाम असेल तर ‘बिकॉज ऑफ’: ‘बिकॉज ऑफ द रेन’. पुढे कर्ता-क्रियापदासह अख्खं वाक्य असेल तर ‘बिकॉज’: ‘बिकॉज इट रेन्ड’. तुझं ‘बिकॉज ऑफ इट रेन्ड’ या दोहोंच्या मधे अडकलं आहे. ‘ड्यू टू’च्या पुढेही नामच हवं. जुने व्याकरणकार त्याच्यावर आणखी एक अट घालत: ते एखाद्या नामाविषयीच बोललं पाहिजे, जसं ‘द डॅमेज वॉज ड्यू टू फ्लडिंग’. आज ही अट फारसं कुणी पाळत नाही, तरी अहवालात पाळलीस तर कुणाला बोट ठेवता येणार नाही.

आता खऱ्या निवडीकडे येऊ. ‘बिकॉज’, ‘सिन्स’ आणि ‘अ‍ॅज’ हे तिन्ही शब्द तू अदलून-बदलून वापरतेस, एकच शब्द पुन्हा पुन्हा नको म्हणून. तिथे माझा ठाम विरोध आहे. वाचणाऱ्याला कारण ठाऊक नाही आणि तेच सांगायचं आहे, तेव्हा ‘बिकॉज’. ते बहुधा वाक्याच्या उत्तरार्धात येतं. कारण दोघांनाही ठाऊक आहे, त्यावर पाय ठेवून पुढचं सांगायचं आहे, तेव्हा ‘सिन्स’ किंवा ‘अ‍ॅज’, तेही बहुधा आरंभी. पडताळा सोपा आहे. ‘व्हाय?’ या प्रश्नाला ‘बिकॉज’नं सुरू होणारं उत्तर देता येतं, ‘सिन्स’नं देता येत नाही. ‘मेनली बिकॉज’ म्हणता येतं, ‘मेनली सिन्स’ म्हणता येत नाही.

शिवाय ‘सिन्स’ आणि ‘अ‍ॅज’ हे दोन शब्द काळही सांगतात. ‘सिन्स द पंप वॉज स्विच्ड ऑफ, द वॉटर हॅज रिझन’ हे तुझं वाक्य बघ. पंप बंद झाल्यापासून पाणी चढलं, की पंप बंद झाल्यामुळे? पहिलं तू पाहिलं आहेस. दुसरं सिद्ध करायचं आहे, आणि त्याची जबाबदारी पंप बंद करणाऱ्यावर जाते. ‘अ‍ॅज’ तर आणखी निसरडा: ‘होत असताना’, ‘जसं’ आणि ‘कारण’ असे सगळे अर्थ त्याच्या पोटात. मुख्य वाक्यामागून कारणाचा ‘अ‍ॅज’ जोडणं फाउलरलाही खपत नसे. 1926 च्या ‘मॉडर्न इंग्लिश यूसेज’ या आपल्या कोशात त्यानं त्यावर चांगलीच झोड उठवली आहे. अहवालात तू कारणासाठी ‘बिकॉज’च वापर. तो दहादा आला तरी कंटाळू नको.

वाक्याची सुरुवात ‘बिकॉज’नं करू नये असं तुला शाळेत शिकवलं असेल. तो नियम नाही. एमिली डिकिन्सनची एक अतिशय गाजलेली कविता याच शब्दानं सुरू होते. मुलं नुसतं ‘बिकॉज इट रेन्ड’ लिहून पूर्णविराम देतात, ते अर्धवट वाक्य टळावं म्हणून शिक्षक ही बंदी घालत असत.

सगळ्यात जपायचं ते नकारापाशी. ‘द ओनर डिड नॉट रिपेअर द वॉल बिकॉज ही वॉन्टेड द मनी’ असं तू लिहिलं आहेस. याचा एक अर्थ: विम्याच्या पैशांसाठी त्यानं दुरुस्ती केलीच नाही. दुसरा अर्थ: दुरुस्ती केली, पण पैशांसाठी नव्हे. पहिला अर्थ एका माणसावर आरोप ठेवतो. ‘नॉट’नंतर ‘बिकॉज’ आला की थांब. कारण आरंभी घे, नाहीतर दोन वाक्यं कर. स्वल्पविरामावर एवढा मोठा भार टाकू नको.

स्वल्पविरामाचा विषय निघाला म्हणून सांगतो: ‘देअरफोर’ हे क्रियाविशेषण आहे. दोन वाक्यं नुसत्या स्वल्पविरामानं सांधायची ताकद त्यात नाही; आधी पूर्णविराम किंवा अर्धविराम हवा. स्वल्पविरामावर जोडायला ‘सो’ आहे. कारणाचा ‘फॉर’ ग्रंथांत शोभतो, तुझ्या कामात नको.

आणखी एक गोष्ट व्याकरणाच्या जरा पलीकडची आहे. ‘द ओनर वॉज अवे, बिकॉज द गेट वॉज लॉक्ड’ हे इंग्रजी म्हणून चालतं. पण फाटकाला कुलूप होतं म्हणून मालक परगावी गेला नव्हता. कुलूप पाहून तू तसा तर्क केलास. घटनेचं कारण आणि तुझ्या तर्काचा आधार, दोन्हीसाठी ‘बिकॉज’ चालतो, आणि वाचणारा फसतो. कुलूप पाहिलं ते वेगळं लिही. त्यावरून काय वाटलं ते पुढच्या वाक्यात, तुझा तर्क म्हणून लिही.

हा अहवाल अजून तुझ्या हातात आहे. पाठवण्याआधी त्यातला प्रत्येक ‘सिन्स’ आणि ‘अ‍ॅज’ शोध, आणि ते मालकाच्या दुरुस्तीचं वाक्य तर आजच बदल. ताईला नमस्कार सांग.

तुझा,
मामा