कडबाकुट्टीचे पाते
(वरच्या इयत्तांसाठी सामान्य विज्ञानाचा पाठ)

भोकरदन तालुक्यातील गावांतून हिंडताना गोठ्याच्या कडेला कडबाकुट्टीचे यंत्र पुष्कळदा दृष्टीस पडते. ज्वारीचा अखंड कडबा जनावरे पाला खाऊन तसाच टाकून देतात. कुट्टी केल्यास वैरण वाया जात नाही. यंत्राची उपयुक्तता निर्विवाद होय. परंतु त्याच यंत्रात मुलांची बोटे सापडतात. यास्तव शिक्षकबंधूंनी हा पाठ टाळू नये.

प्रथम रचना समजावून द्यावी. पन्हळीत घातलेला कडबा दोन दातेरी रूळ आत ओढतात. पुढे बिडाच्या जड चाकावर दोन किंवा अधिक पाती बोल्टांनी बसविलेली असतात. पन्हळीच्या तोंडाशी असलेल्या स्थिर पोलादी पट्टीलगत पाते सरकले की कात्रीप्रमाणे कडबा कापला जातो. फट वाढली अथवा धार गेली, तर तो चेंगरून अडकतो आणि मोकळा करण्यासाठी माणूस हात घालतो. बोथट पाते निरुपद्रवी, हा समज घातक आहे तो यामुळेच.

खटका बंद झाला तरी चाक लगेच थांबत नाही. जडत्वाचा नियम येथे शिकवावा. वेग निम्मा झाला तरी ऊर्जेचा चतुर्थांश शिल्लक असतो, आणि बोट तुटावयास तो पुरेसा आहे. सायकल उलटी ठेवून शिक्षकांनी मागचे चाक फिरवावे. मुलांनी दूर बसून ते किती वेळात थांबते हे मोजावे. आपल्याकडे आणखी एक संकट आहे. वीज गेली म्हणून यंत्र थांबते, कोणी अडकलेला कडबा काढू लागतो, आणि तेवढ्यात वीज परत येते!

पात्याची देखभाल मोठ्यांनीच करावी. प्लग उपसावा, चाक पूर्ण थांबू द्यावे व लाकडी ठोकळ्याने ते अडकवावे. मगच पान्यास हात घालावा. झिजलेला बोल्ट पुन्हा वापरू नये, कारण सैल पाते सुटून उडते. सर्व पाती सारखी घासावीत. एक हलके झाल्यास चाकाचा तोल जातो आणि हादऱ्यांनी बोल्ट ढिले पडतात. शेवटी ठोकळा काढून चाक हाताने सावकाश फिरवावे व पाते पट्टीस घासत नाही याची खात्री करून झाकण परत लावावे.

हाताने चालणारे यंत्र बंद असतानाही मुले त्याचे चाक खेळ म्हणून फिरवितात. दिल्लीच्या आय.आय.टी.तील प्रा. दिनेश मोहन व त्यांच्या सहकाऱ्यांनी उत्तर भारतातील अशा अपघातांचा अभ्यास करून पात्यांवर झाकण, चाकास अडसर आणि रुळांच्या अलीकडे हातास सावध करणारा एक रूळ असे उपाय सुचविले. अडसर तर गावचा लोहारही करून देईल.

बोट तुटल्यास जखमेवर स्वच्छ कापड घट्ट दाबून हात उंच धरावा. तुटलेला भाग ओलसर स्वच्छ फडक्यात गुंडाळून प्लास्टिकच्या पिशवीत बंद करावा व ती पिशवी बर्फात ठेवावी. बर्फाचा थेट स्पर्श होऊ देऊ नये. हळद, चुना काही लावू नये. 108 क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी.