आमचं लोकल स्टेशन घाटाखाली आहे

घाटमाथ्यावरच्या घोटीला रेल्वे स्टेशन आहे. तरीही मुंबईला निघालेल्या घोटीकराला विचारा, तो बऱ्याचदा कसाऱ्याचं नाव घेईल. सीएसएमटीपासून सुमारे 120 किलोमीटरवरचं, इंडिकेटरवर 'एन' अक्षराने ओळखलं जाणारं हे मध्य रेल्वेच्या लोकलचं या बाजूचं शेवटचं स्टेशन. नोकरीमुळे वर्षानुवर्षं तिथून ये-जा करताना त्याच्या इतिहासातून मला जे उमगलं, ते नव्याने हा प्रवास सुरू करणाऱ्यांसाठी लिहितो.

1. स्टेशन समजायचं तर आधी चढ समजून घ्या

कसाऱ्याच्या पुढे थळ घाट लागतो. इगतपुरीपर्यंतच्या साधारण 15 किलोमीटरमध्ये गाडी जवळपास 300 मीटर वर चढते. सर्वात अवघड ठिकाणी 37 मीटर पुढे सरकताना 1 मीटर वर जावं लागतं. मोटारीला या चढाचं काही वाटत नाही, पण गुळगुळीत रुळावरच्या लोखंडी चाकाचा तिथे कस लागतो. कसारा लहान गाव असूनही लोकल तिथवर येते आणि तिथेच थांबते, ती या चढामुळे.

2. दोन्हीकडे रूळ आले म्हणजे वाट जुळली असं नव्हे

1 जानेवारी 1861 रोजी रेल्वे कसाऱ्यापर्यंत पोचली. त्याच महिन्याच्या 28 तारखेला घाटमाथ्यावर इगतपुरी ते नाशिक मार्ग सुरू झाला. म्हणजे घोटीच्या शिवारातून आगगाडी धावू लागली, तेव्हा घाटात अजून रेल्वे नव्हतीच. घाटाचा मार्ग खुला व्हायला 1 जानेवारी 1865 उजाडलं. तोवर मधला टप्पा मुंबई-आग्रा रस्त्यानेच पार करावा लागे.

आज काय चित्र आहे? भुसावळहून येणारी मेमू इगतपुरीला संपते, मुंबईची लोकल कसाऱ्याला. इगतपुरीहून एक्स्प्रेस गाड्या खाली जातात, पण त्यांच्या वेळा आणि आपली ड्युटी जुळेलच असं नाही. मग मधला घाट पुन्हा रस्त्यानेच. रोजच्या प्रवाशासाठी 1861 ची ती तूट अजून भरलेली नाही.

3. बँकरचं काम नीट पाहा

मुंबईहून आलेली एक्स्प्रेस कसाऱ्याला थांबली की चढावर ढकलायला मागून बँकर इंजिनं येऊन लागतात. शेवटच्या डब्यात बसलेल्याला ती टेकल्याचा हिसका जाणवतो. पुढचं इंजिन शिटी देतं, मागून उत्तराची शिटी येते आणि गाडी हलते. इगतपुरीला बँकर सुटतात. त्यांनाही परत खाली यायचं असतं आणि त्यासाठीही मार्ग मोकळा लागतो. घाटात तीन मार्ग असूनही नव्या गाडीला जागा मिळणं का कठीण, याचं एक कारण इथे कळतं.

एके काळी घाटात रिव्हर्सिंग स्टेशन होतं, तिथे गाडीला दिशा बदलून पुढे जावं लागे. नवे बोगदे खणून ती अडचण दूर झाली. घाटातल्या केबिनच्या 'टीजीआर' (थळ घाट रिव्हर्सिंग) या नावात मात्र ते स्टेशन टिकून आहे.

4. स्टेशन फलाटावर संपत नाही

लोकल रिकामी होते आणि गर्दी थेट काळ्या-पिवळ्या जीपांकडे वळते. "इगतपुरी, घोटी, नाशिक!" अशी हाक सुरू असते. त्या गर्दीत चाकरमानी असतात, मुंबईत लेकीला घोटीचा तांदूळ पोचवून परतणारी आई असते आणि पाठीवर सॅक घेऊन कळसूबाईसाठी बारी गावाची चौकशी करणारी पोरं असतात. लोकलला घोटीशी जोडतात त्या या जीपा. कसाऱ्याचा इतिहास लिहायचा तर हे चालकही त्यात हवेत.

5. घरातून निघतानाच परतीचं बघा

लोकलची वेळ छापलेली असते, जीपची नसते. जीप भरली की निघते. म्हणून शेवटच्या लोकलच्या भरवशावर राहू नका, आधीची पकडा. पावसाळ्यात तासभर जास्तीचा हाताशी ठेवा. घाटात धुकं उतरलं किंवा दरड आली की सगळाच हिशेब चुकतो. सोबत म्हातारं माणूस असेल तर उजेडातच घाट चढा.

6. मागणी करायची तर अभ्यासाने करा

लोकल घाटावर आणा, ही मागणी जुनी आहे आणि चढाचं उत्तरही तितकंच जुनं. पण फेब्रुवारी 2023 पासून मुंबई-शिर्डी वंदे भारत हाच घाट बँकरशिवाय चढते, कारण तिच्या मोटारी अनेक डब्यांत विभागलेल्या आहेत. चढ तोच आहे, यंत्रं बदलली आहेत. आता ब्रेक, मार्गाची उपलब्धता, देखभाल यांतली नेमकी अडचण कोणती, हे रेल्वेला विचारायला हवं.

5 जून 2025 रोजी समृद्धी महामार्गाचा इगतपुरी-आमणे हा 76 किलोमीटरचा शेवटचा टप्पा खुला झाला. मोटारवाल्यांची चांगली सोय झाली. घोटी, पाडळी, अस्वली, लहवितच्या ज्या माणसाकडे मोटार नाही, त्यालाही मध्ये न उतरता कल्याणपर्यंत नेणारी स्वस्त, साधी गाडी मिळाली पाहिजे. 1861 साली घाटात रूळ नव्हते म्हणून थांबणं भाग होतं. आज रूळ आहेत आणि घाट चढणारी यंत्रंही आहेत. तेव्हा ही मागणी तारखा आणि आकड्यांसह लेखी द्या, आणि ठोस उत्तर मिळेपर्यंत तिचा पाठपुरावा सोडू नका.